कच्च्या मातीची मेंढरं

"मने, कुणाला तरी सांग, चहा झालाय म्हणून," आई म्हणाली.

मनी आमची मांजर. ती चुलीच्या उबेला वेटोळं करून झोपली होती. 'कुणाला तरी' म्हणजे माझी भावजय सुगंधा. ती आईपासून दोन हातांवर बसून तांदूळ निवडत होती. सुगंधा उठली, तिनं चहा गाळला, एक कप माझ्यापुढे ठेवला आणि आपला घेऊन पुन्हा सुपापाशी जाऊन बसली. मनीनं डोळासुद्धा उघडला नाही.

मी नुकतीच नगरहून एस.टी.नं आले होते. नाताळाला अजून बरेच दिवस होते, पण साठलेली सगळी रजा मी त्या वर्षी एकदमच टाकली होती. सुगंधा हंडा घेऊन नळावर गेली तशी मी आईला विचारलं, "हे कधीपासून चाललंय?"

"काय?"

"मांजरीच्या हाती टपाल."

"चहा पी. साय धरेल."

माझं नाव दुर्कस. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, इस्पितळात डॉक्टरांपासून वॉर्डबॉयपर्यंत सगळे हसून झालेत. बायबलमधली दुर्कस गावातल्या विधवांना कपडे शिवून द्यायची. मला साधं बटण लावता येत नाही. वडिलांनी मोठ्या आशेनं नाव ठेवलं आणि मी झाले नर्स. आमचं गाव प्रवरेच्या काठी, घर चर्चच्या मागच्या मिशन कंपाउंडमध्ये. वडील मिशनच्या शाळेत मास्तर होते, ते लवकर गेले. त्यांच्या माघारी आई, मी आणि माझ्याहून सहा वर्षांनी धाकटा नथनाएल. एवढं मोठं नाव हाक मारायला कुणाला परवडतं? तो सगळ्यांचा नथूच राहिला.

नथू त्याच शाळेत चित्रकला शिकवायचा. सुगंधा तिथल्या बालवाडीत शिकवायला आली आणि वर्षाच्या आत दोघांनी नगरला जाऊन रजिस्टर लग्न केलं. ती येवल्याकडची, माळ्याची लेक, वडिलांचं किराणा दुकान. तिच्या घरच्यांनी तिचं नाव टाकलं. आईनं सून घरात घेतली, पण बाप्तिस्मा घेतल्याशिवाय तिच्याशी सरळ बोलायचं नाही असं मनाशी धरलं. नथू म्हणायचा, "राहू दे की आई. ती माझी बायको आहे, तुझ्या रविवारच्या शब्बाथ शाळेतली पोर नाही." हसतखेळत वर्ष निघालं असतं आणि आईही वळली असती. पण नवरात्रात नथूला कावीळ झाली आणि दिवाळीच्या आधी तो गेला. माझ्याच इस्पितळात, माझ्याच वॉर्डात. त्याबद्दल मला अजूनही नीट बोलता येत नाही, म्हणून इथंही बोलत नाही.

"शाळेतल्या पगारे मास्तरांच्या हाती तिच्या माहेरी निरोप धाडलाय," आई दबक्या आवाजात म्हणाली. "दिवाळी सरली तेव्हाच. म्हटलं, लेक तुमची आहे, घेऊन जा. आधी आढेवेढे घेत होते. आता नवं साल लागलं की येतो म्हणालेत."

"तिला विचारलंस?"

"विचारायचं काय त्यात? कालची पोर ती. इथं कुणाच्या तोंडाकडं बघत जन्म काढणार? माझ्या? मी काढलाय तसा जन्म. वैऱ्यालाही सांगणार नाही."

"निदान सांगितलंस तरी?"

आईनं चुलीकडे पाहिलं. "मनीला सांगितलंय," ती म्हणाली आणि तोंडाला पदर लावून रडायला लागली.

मी तिच्या पाठीवरून हात फिरवला. तिला म्हटलं, हे तूच सांग, माझ्या तोंडून ते बरं दिसणार नाही. आई म्हणाली, सांगीन. तेवढ्यात दारात हंड्याचा आवाज झाला आणि आम्ही दोघी तोंड धुतल्यासारखं करू लागलो.

आतल्या खोलीत फळीवर नथूची मेंढरं होती.

नदीचं पाणी उन्हाळ्यात आटलं की नथू काठची चिकण माती आणायचा, कालवून, मळून, खडे वेचून लोण्यासारखी करायचा आणि तिची नाताळच्या झाडाला टांगायची मेंढरं वळायचा. लिंबाएवढी एकेक. माती ओली असतानाच पाठीत तारेची कडी रुतवायची. मग सावलीत महिना-दोन महिने वाळत ठेवायची आणि दिवाळीच्या पणत्या भाजायला कुंभार भट्टी लावायचा तेव्हा त्याच भट्टीत भाजून घ्यायची. मग प्रत्येकाला अंगरखा. आमच्या आजोबांचा एक जुना बुरणूस होता. बुरणूस म्हणजे लोकर कुटून, लाटून केलेलं जाड कांबळं. ते विणलेलं नसतं, म्हणून कुठंही कापा, धागा सुटत नाही. त्याचे तुकडे कापून नथू मेंढरांच्या अंगावर लोकर चढवायचा, गळ्यात लाल फेल्ट कापडाची पट्टी बांधायचा. दरवर्षी सगळा कळप नगरच्या चर्चच्या विक्रीला जायचा. आमच्या झाडाला उरायची ती तिरकी, तडकलेली, आणि तीही नाताळ संपला की कंपाउंडातली पोरं खेळायला न्यायची. कुणी कधी जपून ठेवली नाहीत. पुढच्या वर्षी नथू आहेच की, असंच सगळे धरून चालले होते.

त्या वर्षी भट्टी लागली तेव्हा नथू इस्पितळात होता. मेंढरं कच्चीच राहिली. वीस-बावीस मेंढरं, काही चांदण्या, एक मेंढपाळ आणि करंगळीएवढा बाळ येशू.

"कुंभाराला सांगून आता भाजून घेऊ की," मी म्हटलं.

"नाही," आई म्हणाली. "भट्टीत चार-दोन तडकतातच. एकही तडकायला नकोय मला." तिनं एक मेंढरू उताणं करून माझ्या हातावर ठेवलं. "हे बघ."

पोटाखाली अंगठा उमटला होता. आतून पोकळ करताना दाबलेला. रेघ न् रेघ दिसत होती.

"प्रत्येकाला आहे," आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी दुपारी आई बुरणूस आणि कात्री घेऊन ओसरीवर बसली. तिला अंगरखे करायचे होते. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू आणि माझ्या हातात शून्य कला, अशा आम्ही दोघी. तिनं एक तुकडा कापला, तो मेंढराच्या डोक्याएवढाही भरला नाही. दुसरा कापला, तो मेंढराला सतरंजी झाला. मी एक कापला त्याबद्दल न बोललेलंच बरं.

सुगंधा दारात उभी राहून बघत होती. तिसऱ्या तुकड्याची वाट लागली तेव्हा तिला राहवेना.

"आधी कागदावर बेतून घ्यावं लागतं," ती म्हणाली.

आईनं मान वर केली नाही. मनी नेमकी कुठंतरी उंडारायला गेली होती.

सुगंधानं वर्तमानपत्राचा तुकडा घेतला, मेंढराच्या पाठीवर धरला, नखानं दाबून आकार काढला आणि कापला. मग तो बुरणुसावर ठेवून एका फेरीत कात्री फिरवली. तुकडा मेंढराच्या अंगावर असा बसला, जणू त्याच्या अंगावरच उगवला होता.

"कुणी शिकवलं?" मी विचारलं.

"ह्यांनीच. उन्हाळ्यात. प्रत्येकीचा बेत निराळा आहे अक्का. ही लठ्ठ, ही पगारे बाई. ही कान पाडलेली, हे पाळकसाहेब, उपदेश विसरले की असे दिसतात म्हणायचे." ती जरा घुटमळली. "आणि ही मान वर केलेली आहे ना..."

"ही कोण?" आईनं विचारलं. थेट तिलाच.

सुगंधानं माझ्याकडे बघितलं. मी काय सांगणार, मान वर करून कोण चालतं ते अख्ख्या कंपाउंडाला ठाऊक होतं.

"तुम्ही," सुगंधा म्हणाली.

आईनं मेंढरू डोळ्यांजवळ नेलं. उलटंपालटं करून पाहिलं. मग तिचे खांदे हलायला लागले. मला वाटलं रडतेय. पण ती हसत होती. नथू गेल्यापासून पहिल्यांदा. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि ते तिनं बुरणुसाच्या वाया गेलेल्या तुकड्यानं पुसलं. "मेल्यानं नाकसुद्धा माझंच काढलंय," ती म्हणाली. "सुगंधा, सुई दे इकडं. मी पट्ट्या शिवते."

त्या दिवसापासून मांजरीचं टपालखातं बंद झालं.

मग रोज दुपारी बालवाडी सुटली की आमचा कारखाना सुरू व्हायचा. सुगंधा बेतायची, आई चाचपून चाचपून टाके घालायची, मी चुन्याची निवळी आणि गेरू कालवून देत असे, कारण तेवढंच मला जमतं असं दोघींचं एकमत झालं होतं. चांदण्यांना पांढरा हात द्यायचा, मेंढपाळाच्या घोंगडीला गेरू. आई तिला सतत काहीतरी शिकवायची. एकदा सुगंधा बालवाडीला निघताना "जाते हं आई" म्हणाली, तर आईनं टाका अर्धा ठेवून तिला परत बोलावलं. "जाते म्हणू नये, येते म्हणावं. एकानं 'जातो' म्हटलं तेवढं पुरे झालं." नथूला नगरला न्यायला गाडी आली तेव्हा तो दारातून 'जातो' म्हणाला होता. सुगंधा उंबऱ्यात उभी राहून म्हणाली, "येते, आई." आणि आईनं पुन्हा सुई उचलली.

एका दुपारी आई डुलकी काढत होती आणि आम्ही दोघीच ओसरीवर होतो. सुगंधानं मान खाली घालून विचारलं, "अक्का, तुमच्यात माती देतात म्हणजे काय करतात?"

"पेटी खाली सोडली की प्रत्येकानं मूठभर माती टाकायची. घरच्यांनी आधी."

"बायासुद्धा?"

"हो. सगळ्यांनीच."

तिनं सुई बुरणुसात टोचून ठेवली. "आमच्यात बाया जात नाहीत. मला वाटलं तुमच्यातही तसंच. मी आतल्या दारात बसून होते. म्हटलं, जायचं असतं तर कुणीतरी हाक मारलीच असती."

त्या दिवशी कब्रस्तानात तिला न बघून बायका कुजबुजल्या होत्या, नवऱ्याला माती द्यायलासुद्धा आली नाही म्हणून. आईनंही तेच मनात धरलं होतं. आम्हाला वाटलं ती येत नाही, तिला वाटलं आपण जायचं नसतं. आणि मध्ये उभं राहून एक वाक्य बोलायचं कुणालाच सुचलं नाही.

"पोचवायला मिळालं नाही मला," ती म्हणाली आणि पुन्हा सुई काढून घेतली.

रात्री मी हे आईला सांगितलं. ती अंथरुणात उठून बसली. मग म्हणाली, "राहू दे तिला इथंच. येऊ नका म्हणून कळवते त्यांना."

पण निरोप नेणारे पगारे मास्तर नाताळच्या सुट्टीत मुलाकडे मनमाडला गेले होते. ते आले की धाडू, असं ठरलं. तिला आता सांगून दुखवायचं कशाला, निरोप परत फिरवला की विषयच मिटला, असं आई म्हणाली. मलाही ते पटलं.

नाताळच्या आदल्या दिवशी आम्ही सुरूची फांदी तेलाच्या डब्यात रोवली आणि डबा पाटावर ठेवला. कच्ची मेंढरं टांगताना आई प्रत्येकाखाली ओंजळ धरत होती. गाणी म्हणणारी टोळी दारात आली, पोरांनी ढोलकी बडवली, पेटीवाल्यानं नेहमीप्रमाणे सूर चुकवला. झाडाखाली मेणबत्त्या लावल्या. सगळे गेल्यावर मी पाहिलं, सुगंधानं झाडापुढे दोन शेवंतीची फुलं ठेवली होती आणि बाळ येशूपुढे हात जोडून ती उभी होती. एरवी आईनं त्यावर प्रवचन दिलं असतं. तिनं नुसतं फुलांना पाणी शिंपडलं. मग रोज ताजी फुलं येऊ लागली आणि रोज संध्याकाळी मेणबत्ती लागू लागली. नवं साल लागलं तरी पगारे मास्तर मनमाडहून आले नव्हते आणि आमच्या घरात झाड हिरवंगार होतं.

आमच्याकडे झाड सहा जानेवारीला उतरवतात. त्या दिवशी दुपारी महिला मंडळाची प्रार्थना होती. आईनं पातळ नेसलं, चष्मा पुसला आणि झाडापुढे जाऊन उभी राहिली. एका मेंढराला बोट लावलं. ते गिरकी घेऊन थांबलं.

"सुगंधा, आज हे काढायचं असतं," ती म्हणाली. "तूच काढ बाई. मला बघवायचं नाही."

"मी करते सगळं नीट," सुगंधा म्हणाली. "तुम्ही जाऊन या."

आम्ही परतलो तेव्हा ऊन कलायला आलं होतं. सुगंधा अंघोळ करून, धुवट लुगडं नेसून पायरीवर बसली होती. केस ओले होते. तिचा चेहरा इतका शांत मी लग्नाच्या दिवशीसुद्धा पाहिला नव्हता. तिच्या मांडीवर परात होती. परातीत अंगरखे होते, एकावर एक नीट रचलेले. लाल पट्ट्यांची निराळी गुंडाळी. आणि बाजूला मूठभर ओली वाळू.

"आई, पोचवून आले," ती म्हणाली.

"कुणाला?"

"सगळ्यांना. नदीला. बाळाला आधी सोडलं, मग एकेक मेंढरू. बरोबर दहीपोह्यांची शिदोरी दिली. अंगरखे काढून घेतले, पुढच्या वर्षी होतील. ही वाळू पाटावर ठेवायला." तिनं परात पुढे केली. "पुढच्या वर्षी लवकर या, असं म्हणाले मी. तीनदा म्हणाले, आई."

मला आधी कळलं. मी नर्स, वाईट बातमी मला लवकर कळते. तिच्या माहेरी गणपती बसायचा. शाडूचा, घरी केलेला. दिवस भरले की त्याच्या अंगावरचे दागिने काढायचे, शिदोरी द्यायची, पाण्यात सोडायचा आणि नदीतली चिमूटभर माती आणून रिकाम्या पाटावर ठेवायची. घरातली म्हातारी माणसं मला बघवत नाही म्हणून मागं थांबतात. फुलं वाहिलेली, दिवा लावलेली कच्च्या मातीची मूर्ती ट्रंकेत कोंबून ठेवायची, हे तिच्या मनातसुद्धा येणं शक्य नव्हतं. आम्ही सांगितलं नव्हतं आणि तिला विचारावंसं वाटलं नव्हतं. इतकं ते तिला सरळ होतं.

आईनं पाटाकडे पाहिलं. सुरूची फांदी रिकामी होती.

मग ती धावली. त्या वयात, चपला न घालता, कंपाउंडाच्या मागच्या उतारावरून. मी तिच्या मागे आणि माझ्या मागे सुगंधा, काय झालं, काय झालं, विचारत. घाटाच्या शेवटच्या पायरीपाशी पाणी संथ होतं. आई पातळासकट पाण्यात उतरली. तळाशी एका ओळीत मातीचे ढिगारे दिसत होते. सुगंधानं एकेक नीट ओळीत ठेवलं होतं. काही अजून मेंढराच्या बेताचे होते, पाठ होती, मान होती. आईनं दोन्ही हात खाली घालून एक उचललं. ते पाण्याच्या वर आलं आणि तिच्या बोटांतून निघून गेलं. हातात फक्त तारेची कडी राहिली. दुसरं उचललं. कडी. तिसरं तिनं अगदी हळू उचललं. ते मान वर केलेलं होतं. त्याची मान आधी गेली.

"आई, थंडी आहे, बाहेर ये," मी म्हणत होते. ती ऐकत नव्हती.

सुगंधा पायरीवर उभी होती. तिला आता कळलं होतं. "मला वाटलं..." ती म्हणाली.

आई वळली. हाताच्या मुठीत सगळ्या कड्या होत्या. "दोनदा मारलास माझा नथू," ती ओरडली. "एकदा देवानं नेला, एकदा तू. चालती हो माझ्या घरातून!"

पलीकडे कपडे धुणाऱ्या बायका थांबून बघू लागल्या. सुगंधा खाली वाकली, आईच्या हाताला धरून तिला पाण्यातून बाहेर काढायला. आईनं हात झटकला. मग मीच आईला बाहेर काढलं.

संध्याकाळभर आई भिंतीकडे तोंड करून पडून होती. मी तिचे पाय शेकत बसले. बऱ्याच वेळानं ती म्हणाली, "मला कळतंय दुर्कस. तिनं काय केलं ते कळतंय मला. तिच्याकडं जे होतं ते सगळं दिलं तिनं त्याला. शिदोरीसुद्धा."

"मग सांग ना तिला तसं."

"आत्ता नाही. आत्ता तोंड उघडलं तर पुन्हा तेच बाहेर पडेल. सकाळी बोलते. माझ्याजवळ बसवून बोलते."

सकाळी आईनं स्वतः उठून चहा टाकला. तीन कप मांडले. सुगंधा अंगण झाडत होती. आई दारापर्यंत गेली, पदर सारखा केला, आणि फाटकाशी जीप येऊन थांबली.

तिचा भाऊ रंगनाथ उतरला. वडील पुढच्या सीटवर तसेच बसून राहिले, समोर काचेतून बघत. रंगनाथ बिचारा भला माणूस होता. त्यानं आईला वाकून रामराम केला.

"यायला उशीर झाला, माफी करा. दादा लवकर तयार व्हईनात. पण पोटची लेक हाय, किती दिवस धरून बसतील?" मग सुगंधाकडे वळला. "चल बाई. सामान किती हाय?"

सुगंधाच्या हातात केरसुणी होती. "तुम्हाला कुणी सांगितलं?"

"ह्यांनीच की. निरोप आलता, लेक घेऊन जा म्हणून."

"काल?"

"काल कुठला! दिवाळी झाली तव्हाच."

सुगंधानं केरसुणी भिंतीला टेकवून ठेवली. ती आईसमोर येऊन उभी राहिली. "दिवाळीतच?" तिनं विचारलं. "म्हणजे नदीचं व्हायच्या आधी. आपण बुरणूस बेतत होतो तेव्हा माझं जायचं ठरलेलंच होतं?"

"सुगंधा, ऐक," मी म्हटलं, "आईनं नंतर..."

"तुम्ही नका सांगू अक्का. त्यांना सांगू दे."

आईचं तोंड उघडलं. ओठ हलले. सांगायला एकच वाक्य होतं, रात्रभर तिनं घोकलेलं. मला ते पाठ होतं. पण जन्मभर ताठ मानेनं चाललेल्या बाईला ते सुनेच्या डोळ्यांत बघून म्हणता येईना. तिची नजर आत गेली, चुलीपाशी. मनी तिथं नव्हती.

सुगंधानं वाट पाहिली. पुष्कळ वाट पाहिली. मग आत गेली आणि एक पिशवी भरून बाहेर आली. परातीतली वाळू तिनं पाटावर ओतली आणि अंगरख्यांची परात शेजारी ठेवली. आईच्या पाया पडली.

"जाते, आई," ती म्हणाली.

मी आईकडे बघत होते. म्हण, मी मनात म्हणत होते. एवढं तरी म्हण. जाते म्हणू नये, येते म्हणावं. आईचा हात तिच्या डोक्याच्या वर येऊन थांबला होता, टेकला नाही. सुगंधा उठली आणि निघाली. जीप वळून रस्त्याला लागेपर्यंत आईचा हात तसाच होता. चुलीपाशी तिसऱ्या कपातला चहा साय धरून बसला होता.

पुढच्या पावसाळ्यात कळलं, तिच्या घरच्यांनी तिला सिन्नरकडे एका बिजवराला दिली. पगारे मास्तरांनीच सांगितलं. आई म्हणाली, "बरं झालं," आणि आत जाऊन बुरणूस बाहेर काढला.

त्याआधीच्या उन्हाळ्यातच तिनं स्वतः माती आणली होती. पाटावरची वाळू तिनं त्या मातीत कालवली. मोतीबिंदूच्या डोळ्यांनी तिनं वळलेली मेंढरं मेंढरांसारखी दिसायची नाहीत, बटाट्यांसारखी दिसायची. सुगंधानं बेतलेले अंगरखे त्यांना कुठं घट्ट, कुठं ढिले. तरी तेच घालायचे. भट्टीत द्यायची नाहीत. आणि सहा जानेवारी आली की अंगरखे काढून, दहीपोहे बांधून, घाटावर जायचं. दरवर्षी, तिचे पाय चालत होते तोवर. पाळकसाहेब एकदा घरी आले. म्हणाले, "रिबकाबाई, हे आपल्यात बसत नाही." आई म्हणाली, "मग बसवा."

मी रजा काढून तिच्याबरोबर जायची. ती माझा हात धरून शेवटच्या पायरीवर उतरायची, मेंढरं एका ओळीत पाण्यात ठेवायची, मूठभर वाळू परातीत घ्यायची. मग नदीकडे पाठ करायची. आमच्या घाटावरून सिन्नर-नाशिककडून येणारा एस.टी.चा रस्ता दिसतो. त्या रस्त्याकडे तोंड करून, हात जोडून, तिला दिसत तर काही नव्हतं, ती मोठ्यानं म्हणायची,

"पुढच्या वर्षी लवकर ये गं, पोरी."

तीनदा म्हणायची. मग आम्ही तिथंच पायरीवर बसून राहायचो. थंडी वाजू लागली तरी ती उठायची नाही. संध्याकाळची एस.टी. फाट्यावर थांबल्याचा आवाज आला की ती कान द्यायची. गाडी पुन्हा सुरू होऊन गावाबाहेर जायची, रस्त्यावरून कुणी येत नसायचं, आणि ती माझ्या खांद्याचा आधार घेऊन उठायची.

"चल दुर्कस," ती म्हणायची. "गाडी येऊन गेली."